न्यूझीलंडच्या मूळ रहिवासी माओरींची संस्कृती, त्यांचं पारंपरिक विणकाम आणि तिथला स्थानिक इतिहास समजून घ्यायला कोणती पुस्तकं वाचावीत?

तुम्ही तीन विषय विचारलेत, पण माझा सल्ला असा की सुरुवात विणकामापासून करा. बाकीचे दोन त्यातूनच उलगडत जातात. मी तिथल्याच हॅमिल्टन शहरात राहते आणि माझंही तसंच झालं.

पहिलं पुस्तक एरेनोरा पुकेतापू-हेतेत यांचं ‘माओरी वीव्हिंग’ (1989). छोटंसं आहे, पण लिहिणारी बाई स्वतः विणणारी. हाराकेके नावाचं झुडूप असतं, आपल्या घायपातीसारखी लांब, चिवट पानं. त्याच्या मधल्या कोवळ्या पानाला रीतो म्हणतात, म्हणजे मूल. त्याला दोन्ही बाजूंनी धरून उभी असलेली पानं म्हणजे आईवडील. ही तिन्ही कधीच कापायची नाहीत. कापायची ती बाहेरची, आजीआजोबांची. पावसात आणि रात्री कापायची नाहीत. इथे एका कार्यशाळेत मी पहिल्यांदा पान कापलं, तेव्हा शिकवणाऱ्या आजींनी माझा हात धरून योग्य पान दाखवलं होतं. आपली पहिली विणलेली वस्तू दुसऱ्याला देऊन टाकायची असते, हेही त्यांनीच सांगितलं. माझी पहिली टोपली तेव्हाच गेली.

मग डिगरेस ते कानावा (‘ते’ हा माओरी नावांचाच भाग) यांचं ‘वीव्हिंग अ काकाहू’ (1992). काकाहू म्हणजे अंगावर घ्यायचं वस्त्र. शिंपल्याच्या धारेने पान खरवडून आतला रेशमासारखा धागा काढायचा, मांडीवर वळायचा, आणि माग न वापरता दोन खुंट्यांमध्ये ताणलेल्या दोऱ्यावर बोटांनी विणत जायचं. एका वस्त्राला कित्येक महिने लागतात. वाचताना मी वरचेवर थांबत होते, कारण प्रत्येक पायरी डोळ्यांसमोर यावी लागते. म्हणून जोडीला ‘फातू काकाहू’ (2011, संपादन आफिना तामारापा) हवंच. वेलिंग्टनच्या ते पापा संग्रहालयातल्या वस्त्रांवरचं आहे, आणि जवळून घेतलेल्या छायाचित्रांत एकेक पीळ दिसतो. मला विचाराल तर यातलं एकच घ्यायचं असेल तर हे घ्या.

डिगरेस यांच्या आई रांगीमारिए हेतेत (1892–1995) या तर शंभरी ओलांडलेल्या विणकर. ही विद्या घराबाहेर, टोळीबाहेर देऊ नये असं मानणारे पुष्कळ होते. या मायलेकींनी 1951 मध्ये स्थापन झालेल्या माओरी महिला कल्याण संघातून ती बाहेरच्यांनाही शिकवली. एरेनोरा याच घरातल्या नातसून.

हे घराणं ते कुइती गावच्या परिसरातलं, मानियापोतो टोळीचं. स्थानिक इतिहासाला इथूनच हात घाला. 1864 साली ओराकाऊच्या लढाईत ब्रिटिश फौजेने शरण यायला सांगितल्यावर माओरींनी दिलेलं उत्तर, ‘का फाफाई तोनू मातोऊ’, आम्ही लढतच राहू, हेच रांगीनुई वॉकर यांच्या 1990 च्या इतिहासग्रंथाचं नाव आहे. माओरींच्या बाजूने लिहिलेला सलग इतिहास वाचायचा तर हाच. त्या युद्धानंतर मानियापोतोंचा मुलूख गोऱ्यांना बंद झाला, आणि तिथे आसरा घेतलेल्या ते कूती या नेत्याने 1873 मध्ये ते कुइतीत एक मोठं सभागृह बांधवून घेतलं. ते आजही उभं आहे. ते कूतीच्या आयुष्यावर ज्युडिथ बिन्नी यांचं ‘रिडेम्प्शन साँग्ज’ (1995) आहे. खूप जाड आहे, पण घाई करू नका.

विसाव्या शतकाच्या सुरुवातीची गोऱ्या अभ्यासकांची पुस्तकं माहितीने भरलेली असतात, पण त्यांतली बरीचशी हा समाज आता संपतच आला असं गृहीत धरून लिहिलेली. ती नंतर वाचा. त्या काळातला अपवाद म्हणजे ते रांगी हीरोआ. स्वतः माओरी, पेशाने डॉक्टर, आणि 1926 मध्ये त्यांनी माओरी वस्त्रांवर लिहिलं.

भारतात ही पुस्तकं महाग पडतील. तोवर ते पापाच्या संकेतस्थळावर काकाहूंची छायाचित्रं आणि ‘ते आरा’ हा न्यूझीलंडचा विश्वकोश, दोन्ही मोफत आहेत. एखादं छायाचित्र मोठं करून त्याची किनार बघा. त्या रंगीत भूमितीच्या नक्षीला तानिको म्हणतात.