वाचकांचे प्रश्न : आउरिन हे वरदान की सापळा?

प्रश्न : 'द नेव्हरएंडिंग स्टोरी' या मिशाएल एंडे यांच्या जर्मन कादंबरीतील आउरिन नावाच्या पदकावर 'तुला हवे ते कर' असे कोरलेले आहे, मात्र ते गळ्यात घालणाऱ्या बास्टियानला प्रत्येक इच्छेपायी स्वतःची एकेक आठवण गमवावी लागते. मग हे पदक त्या मुलाला फसवते, असे म्हणावे काय? — एक वाचक, कोल्हापूर

उत्तर : बास्टियान हा पुस्तक वाचता वाचता त्यातील कल्पित जगात शिरलेला आपल्या जगातला मुलगा; आउरिन त्याच्या हाती येण्यापूर्वी कथेत या पदकाचे काम काय होते, हे आधी पाहावे लागेल. 1979 साली प्रसिद्ध झालेल्या या कादंबरीच्या पूर्वार्धात ते त्या जगाच्या आजारी सम्राज्ञीचे चिन्ह आहे. ते ज्याच्या गळ्यात, तो तिच्या नावाने बोलतो आणि चांगलेवाईट सगळे जीव त्याला वाट देतात. थोडक्यात, आपल्याकडील राजमुद्रेसारखाच त्याचा मान आहे. परंतु आत्रेयू या मुलाला ते सोपवताना एक कठोर अट घातली जाते. त्याने शस्त्र बाळगायचे नाही, पदकाची शक्ती स्वतःहून वापरायची नाही, आणि समोर येईल त्याच्याविषयी बरेवाईट न ठरवता केवळ सम्राज्ञीच्या आजारावरील उपायाचा शोध घेत राहायचे. कारण सम्राज्ञीही आपली सत्ता कधी वापरत नाही. तिच्या राज्यात सुंदर आणि कुरूप, शहाणा आणि मूर्ख यांना सारखाच अधिकार आहे. आत्रेयू ही अट पाळतो आणि म्हणून पदकाकडून त्याला काही गमवावे लागत नाही.

बास्टियानच्या गळ्यात तेच पदक येते तेव्हा तो पदकाच्या मागे कोरलेली ओळ वाचतो आणि मनाला येईल ते करण्याची मोकळीक मिळाली, असा सरळ अर्थ लावतो. रंगीत वाळवंटाचा सिंह ग्राओग्रामान त्याला तिथेच सावध करतो : ही ओळ आपली खरी इच्छा कोणती ते शोधायला सांगते, आणि त्याइतकी अवघड वाट दुसरी नाही. इशारा इतका स्पष्ट असताना फसवणुकीचा आरोप टिकत नाही, असे मला वाटते. बास्टियान देखणा होतो आणि आपण लठ्ठ होतो हे विसरतो. बलवान होतो आणि आपला दुबळेपणा विसरतो. जे विसरले ते विसरल्याचेही भान उरत नाही, म्हणून हा व्यवहार त्याला तोट्याचा वाटत नाही. (कर्जाचा हप्ता दिसलाच नाही तर कोण काळजी करील?)

एंडे यांनी या व्यवहाराचा शेवट जुन्या सम्राटांच्या नगरीत दाखवला आहे. आपल्या जगातून पूर्वी आलेली आणि सगळ्या आठवणी खर्चून बसलेली माणसे तिथे विचित्र कपड्यांत भटकत असतात. आठवण नाही म्हणून इच्छा करता येत नाही, आणि इच्छा नाही म्हणून परत जाता येत नाही. आर्गाक्स नावाचे माकड त्यांना अक्षरे कोरलेले फासे टाकायला लावते : पुरेसा काळ टाकत राहिले तर केव्हातरी शब्द, कविता आणि जगातल्या सगळ्या गोष्टीही पडतील, असा त्याचा हिशेब आहे. कादंबरीतील हे सर्वांत भयाण पान आहे, आणि त्यात रक्ताचा थेंबही नाही.

प्रश्न : स्वतःचे शेपूट गिळणारा साप पुष्कळ ठिकाणी दिसतो. आउरिनवर दोन साप का? — एक वाचक, पणजी

उत्तर : एकट्या सापाचे वर्तुळ फार जुने आहे, इजिप्तमध्ये तूतनखामूनच्या थडग्यातील एका सोनेरी पेटीवरही ते आढळते. आउरिनवर मात्र एक उजळ आणि एक काळा असे दोन साप परस्परांचे शेपूट धरून आहेत, आणि त्याचे कारण कादंबरीच्या अखेरीस कळते. स्वतःचे नावही गमावलेला बास्टियान पदक काढून आत्रेयूपुढे ठेवतो आणि दोघेही पदकाच्या आतच जाऊन पोहोचतात. तिथे हे साप महाकाय असून त्यांनी एकमेकांना जखडून ठेवले आहे. त्यांनी पकड सोडली तर जग बुडेल, आणि त्याच पकडीमुळे त्यांच्यामध्ये असलेले जीवनजल राखले जाते. सुटका पदक वापरून होत नाही, उतरवून ठेवल्यावर होते. बास्टियानला ही गोष्ट उमगेपर्यंत त्याच्यापाशी फारसे काही उरलेलेच नसते.

प्रश्न : चित्रपटात हे काहीच का नाही? — तीच वाचक

उत्तर : 1984 चा वोल्फगांग पेटरसन यांचा चित्रपट कादंबरीच्या पूर्वार्धापाशी थांबतो, आणि जितक्या इच्छा कराव्यात तितके ते जग बहरेल, असा दिलासा देतो. एंडे यांना तो मुळीच रुचला नव्हता व ते न्यायालयातही गेले होते. चित्रपटावरच थांबलेल्यांनी पुस्तक 26 प्रकरणांपैकी तेराव्यापासून उघडले तरी चालेल. पदकामागची ओळ बास्टियान तिथेच वाचतो.