जुन्या सीडीवरचा मराठी मजकूर वाचवताना

पेठेतल्या बंद पडलेल्या छापखान्यातून दिवाळी अंकांच्या सीडी हाती लागल्या, तर फायली लगेच उघडायचा मोह आवरा. आधी अख्ख्या सीडीची आयएसओ प्रत, म्हणजे एकाच फाईलीतली जशीच्या तशी नक्कल, काढा. चरे पडलेले असतील तर डीडीरेस्क्यू या खराब डिस्क वाचणाऱ्या प्रोग्रॅमने, सेक्टर (एका वेळी वाचायचा तुकडा) २०४८ बाइटचा देऊन.

खरी डोकेदुखी फाँटची. पुण्यातच घडलेल्या श्रीलिपीसारख्या जुन्या फाँटांत इंग्रजी अक्षरांच्या जागी देवनागरीचे तुकडे बसवलेले असतात. फाँट नसला की मजकुराचा नुसता कचरा दिसतो, म्हणून फाँटची टीटीएफ फाईलही जपा. युनिकोडमध्ये, म्हणजे आजच्या सर्वमान्य अक्षरसंकेतात, बदलताना ऱ्हस्व वेलांटी आणि रफार हमखास दगा देतात, कारण जुन्या फाईलीत वेलांटी अक्षराआधी आणि रफार अक्षरानंतर साठवलेला असतो, युनिकोडमध्ये नेमका उलटा. 'किती', 'सूर्य' असले शब्द शोधून तपासा. मूळ फाईल पुसू नका. आणि इंटरनेट आर्काइव्ह या सार्वजनिक डिजिटल संग्रहावर चढवायच्या आधी लेखकांची परवानगी. कंटाळवाणं आहे, पण घ्याच.