बहिणीचा खासगी व्हिडिओ भावकीच्या ग्रुपवर फिरतो आहे. तक्रार केल्यास बदनामी वाढेल का?

सोयरीक मोडल्याच्या रागातून त्या मुलाने तुमच्या बहिणीच्या खासगी अवस्थेतील व्हिडिओ कॉलचे रेकॉर्डिंग भावकीच्या ग्रुपवर टाकले, आणि आता तक्रार केल्यास उरलीसुरली अब्रूही जाईल, त्यापेक्षा तिचा फोन काढून घेऊन तिला छत्रपती संभाजीनगरहून गावी आणावे, असे वडीलधाऱ्यांचे म्हणणे आहे, असे तुम्ही लिहिले आहे. मी परभणीत वकिली करते. फोन काढून घेऊ नका आणि त्यातले काहीही पुसू नका, हे आधी सांगते.

काही वर्षांपूर्वी कापूस वेचणीच्या दिवसांत एक मायलेकी माझ्याकडे आल्या होत्या. वडिलांनी संतापाच्या भरात मुलीच्या फोनमधले सगळे पुसून सिमकार्ड मोडून टाकले होते. त्यामुळे व्हिडिओ प्रथम कोणत्या क्रमांकावरून आणि किती वाजता आला, हे दाखवायची वेळ आली तेव्हा हातात काहीच उरले नव्हते. आईच बोलत होती. ओढणीचे टोक बोटाला गुंडाळत बसलेली मुलगी निघताना एवढेच म्हणाली, "टाकलं त्यानं, अन् कॉलेज माझं सुटलं." ते वाक्य मी विसरलेले नाही.

कॉल तिनेच केला होता ना, असे घरात कोणीतरी म्हणेलच. भारतीय न्याय संहितेच्या कलम ७७ मध्ये त्याचे स्पष्ट उत्तर आहे: स्त्रीने चित्रणाला संमती दिली असली तरी ते इतरांना पाठवण्याला दिली नसेल, तर पाठवणे हा गुन्हाच ठरतो आणि पहिल्या वेळी एक ते तीन वर्षांची शिक्षा होऊ शकते. असे चित्रण पुढे पाठवणाऱ्यांनाही माहिती तंत्रज्ञान कायदा लागू होतो, मग ते चुलते असोत की मावसभाऊ. म्हणून 'खात्री करायची आहे' असे सांगून कोणी मागितला, तरी तुम्ही स्वतः तो व्हिडिओ कोणालाही पाठवू नका.

ग्रुपचे नाव, पाठवणाऱ्याचा क्रमांक, तारीख आणि वेळ दिसेल असे स्क्रीनशॉट आजच काढून ठेवा. त्यानंतर ॲपच्या तक्रार अधिकाऱ्याकडे तक्रार करा. ती बहिणीच्या वतीने तुम्हालाही करता येते, आणि २०२१ च्या नियमांनुसार, त्यांतील २०२६ च्या दुरुस्तीनंतर, अशी चित्रफीत जास्तीत जास्त २ तासांत हटवण्याची पावले उचलणे कंपनीवर बंधनकारक आहे. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवरही तक्रार नोंदवता येते.

तालुक्याच्या ठाण्यात सगळे ओळखीचे, ही भीती मी समजू शकते. पण हद्द कोणतीही असो, झिरो एफआयआर कुठल्याही ठाण्यात नोंदवता येतो, म्हणून ती शिकते त्या शहरातच जा. कलम ७७ ची फिर्याद स्त्री देत असेल, तर ती महिला अधिकाऱ्यानेच लिहून घ्यायची असते. ठाण्यात दाद लागली नाही, तर पोलीस अधीक्षकांना किंवा शहरात पोलीस आयुक्तांना लेखी अर्ज द्या.

आणि या धावपळीत तिचे तास बुडू देऊ नका; तारखांना तिच्याबरोबर तुम्ही स्वतः जा.