हात न लावता उभा असलेल्यालाही खुनाचं कलम लागतं का?

लागू शकतं. हल्ला आठ जणांनी केला, तुमचा भाचा नुसता उभा होता, मग त्याचं नाव एफआयआरमध्ये का, असं तुम्ही विचारलंय.

भारतीय न्याय संहितेचं कलम ३(५), म्हणजे जुनं भादंवि (भारतीय दंड विधान) ३४, वार करणारा आणि सोबत उभा असलेला अशा दोघांनाही लागतं. पण इरादा सामाईक होता हे सिद्ध व्हावं लागतं. बरेंद्रकुमार घोष खटल्यात आरोपी म्हणाला, मी बाहेर अंगणात उभा होतो. प्रिव्ही कौन्सिलने (ब्रिटिश काळातलं सर्वोच्च अपील न्यायालय) तरीही त्याला दोषी ठरवणं कायम ठेवलं, कारण तो सामाईक इराद्यात सामील होता.

तुमच्या प्रकरणात कलम १९० (जुनं १४९) जास्त धोक्याचं. त्याला किमान पाच माणसं लागतात. जमावाचा उद्देश बेकायदेशीर आहे हे माहीत असून त्यात राहिलं, की वार कुणी केला हा प्रश्न मागे पडतो. मात्र मसल्ती खटल्यात (१९६४) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केलं की केवळ कुतूहलाने थांबलेला बघ्या जमावाचा सदस्य नसतो. भाच्याचा बचाव इथेच आहे.

आणि गर्दीत कोण होतं हे पोलिसांना पुराव्याने दाखवावंच लागतं. आपल्या नागपुरातच २००४ मध्ये गुंड अक्कू यादवला जमावाने भर न्यायालयात मारलं. २०१४ मध्ये पुराव्याअभावी आरोपी सुटले.

तो तिथे कसा पोहोचला, कुणाचा फोन आला, हातात काय होतं, हे वकिलाला खरं सांगा. जवळच्या दुकानांचं सीसीटीव्ही फुटेज पुसलं जाण्याआधी जपून ठेवायला आजच लेखी अर्ज द्या.