तुम्ही विचारलंत: जामीन झाला तरी पोरगा आतच का?

मागच्या अंकात कच्च्या कैद्यांबद्दल लिहिलं होतं, म्हणजे ज्यांचा खटला अजून चालू आहे आणि दोष सिद्ध झालेला नाही अशांबद्दल. त्यावर बरीच पत्रं आली, चारच घेता आली. नावं अर्थातच देत नाही.

माझा पोरगा आठ महिन्यापासून सेंट्रल जेलमधी आहे. गाडी चोरीची केस, पहिलीच. कोर्टानं दोन महिन्याआधी 25 हजाराचा जामीन देला पण जामीनदार आणा म्हणते. आमच्याजवळ ना शेत ना घर, किरायानं राहतो, मी घरकामाले जाते. वकील म्हणते आठ हजार द्या, माणूस उभा करून देतो. मंग फोनच उचलून नाही राहिला. काय करू?
– एक आई, कामठी रोड, नागपूर

ताई, पहिले तर ते आठ हजार कोणालाही देऊ नका. पैसे घेऊन उभा केलेला जामीनदार म्हणजे बरेचदा खोटा सातबारा नाहीतर दुसऱ्याचंच आधार कार्ड, आणि ते पकडल्या गेलं की जामीन तुमच्या पोराचा जाते, वर नवीन केस होते ती वेगळीच.

25 हजाराचा जामीन म्हणजे तेवढे पैसे आत्ता कोर्टात भरायचे असं नाही. ‘पोरगा तारखेला हजर नाही राहिला तर एवढी रक्कम मी देईन’ असं लिहून देणारा माणूस पाहिजे आणि त्याची तेवढी ऐपत कागदावर दिसली पाहिजे. अडचण अशी की तुमच्या ओळखीचे सगळे लोक तुमच्यासारखेच, कोणी ऑटो चालवते कोणी मजुरी करते, ऐपतीचा कागद आणायचा कोणाकडून? गरिबाचं पोरगं जामीन होऊनही आत राहते ते यामुळेच. हे आजचं नाही. 1978 मध्ये मोतीराम नावाच्या मध्य प्रदेशातल्या एका गवंड्याचं प्रकरण सुप्रीम कोर्टात गेलं होतं, त्याच्याकडून 10 हजाराचा जामीनदार मागितला होता आणि त्याच्या भावाला नाकारलं, का तर भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात. न्यायमूर्ती कृष्णा अय्यर यांनी तेव्हाच सांगितलं की गरिबाला झेपणार नाही एवढी रक्कम लावू नका आणि दुसऱ्या जिल्ह्याचा म्हणून जामीनदार परत पाठवू नका. इतकी वर्षं झाली आणि तुमचं पत्र वाचलं तर तीच गोष्ट, मला याचा खरंच संताप येतो.

आता करायचं काय ते सांगते. 31 जानेवारी 2023 ला सुप्रीम कोर्टानं नियम घालून दिलेत. जामीन मिळून सात दिवसात कैदी सुटला नाही तर जेल अधीक्षकांनी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या सचिवांना कळवायचं, आणि महिनाभरात जामीनदार मिळाला नाही तर कोर्ट स्वतःहूनही अट बदलायची की नाही ते पाहू शकते. तुमचे तर दोन महिने होऊन गेले. म्हणून उद्याच सिव्हिल लाइन्सला जिल्हा कोर्टात जा, तिथं विधी सेवा प्राधिकरणाचं ऑफिस विचारा, कोणीही दाखवेल. साध्या कागदावर अर्ज चालते. पोराचं नाव, बापाचं नाव, कोणतं पोलीस स्टेशन, केस नंबर, जामिनाच्या ऑर्डरची तारीख एवढं लिहा आणि खाली स्पष्ट लिहा की आमची ऐपत नाही, जामीनदाराची अट काढून जातमुचलक्यावर (म्हणजे जामीनदाराशिवाय, पोरानं स्वतः लिहून दिलेल्या हमीवर) सोडण्यासाठी कोर्टात अर्ज करायला मोफत वकील द्या. जेलमध्ये असलेल्या माणसाला मोफत वकील मिळते, त्याची कमाई किती आहे ते बघत नाहीत, 1987 च्या कायद्यातच तसं आहे. जायला जमत नसेल तर 15100 या विधी सेवेच्या हेल्पलाइनवर फोन करा.

तिथंच ‘गरीब कैदी सहाय्य योजने’चंही विचारा. केंद्र सरकारनं 2023 मध्ये आणली, कच्च्या कैद्याच्या जामिनाची रक्कम सरकार भरते, सुरुवातीला मर्यादा 40 हजाराची होती म्हणजे तुमचे 25 हजार त्यात बसतात. पैसे तुमच्या हातात येत नाहीत, जिल्ह्याची कमिटी मंजूर करते आणि कोर्टात भरल्या जातात.

अजून एक. साध्या चोरीला जास्तीत जास्त शिक्षा तीन वर्षं आहे, आणि पहिलीच केस असलेल्यानं त्याचा एक तृतीयांश म्हणजे एक वर्ष आत काढलं तर नवीन कायद्याच्या, म्हणजे भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, कलम 479 खाली त्याला सोडायला पाहिजे. तसा अर्ज कोर्टात करणं हे अधीक्षकांचं काम आहे. फक्त दुसरी केस चालू असेल तर हे लागू होत नाही. तुमच्या पोराची केस साध्या चोरीच्या कलमाचीच असेल तर त्याला अजून चार महिने आहेत, पण तोवर थांबू नका, जामिनाची अट कमी करायचा अर्ज आत्ताच लावा.

बाबा नागपूरला आत आहेत, कच्चे कैदी. आम्ही गोंदियाचे. आई म्हणते मुलीच्या जातीनं तिथं जायचं नाही, लोक काय म्हणतील. मी जाऊ शकते का? काय काय नेता येतं?
– बी.ए.ची विद्यार्थिनी

जाऊ शकतेस आणि जा. वर्धा रोडवर रहाटे कॉलनी चौकाजवळच जेल आहे, मेट्रोचं स्टेशनही तिथंच. बाहेर तुला कॉलेजच्या पोरी दिसतील, कडेवर लेकरं घेतलेल्या बाया दिसतील, गडचिरोली चंद्रपूरकडून रात्रीच्या एसटीनं आलेली म्हातारी माणसं कपड्याची पिशवी मांडीवर धरून बसलेली दिसतील, कोणीच कोणाकडे वाईट नजरेनं पाहत नाही कारण सगळे एकाच कामाला आलेले असतात. घरच्यांना भेटणं हा बंद्याच्या जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, सुप्रीम कोर्टानं 1981 मध्ये फ्रान्सिस कोराली मुलिन यांच्या प्रकरणात हे सांगून ठेवलंय, त्यामुळे कोणी मेहरबानी करून राहिलं असं समजू नको.

निघायच्या आधी ई-मुलाकातीच्या सरकारी वेबसाइटवर नाव नोंदव, नाहीतर गोंदियाहून येऊन नंबर लागला नाही तर दिवस फुकट जातो. ओरिजिनल आधार कार्ड पाहिजे. परीक्षा असली तर तिथूनच व्हिडिओवरही मुलाकात होते. बाबांना घरचे कपडे चालतात, ते शिक्षाबंदी नाहीत. खाण्याचं मात्र मनानं नेऊ नको, घरच्या जेवणाची परवानगी कायद्यात आहे पण ती आधी काढावी लागते. पैसे मनीऑर्डरनं पाठव, त्यांच्या खात्यावर जमा होतात आणि ते कॅन्टीनमधून साबण, बिस्किटं घेऊ शकतात. आणि आईलाही सोबत ने एकदा, बाबांना तीच जास्त पाहिजे असेल.

कैद्यांचे इतके लाड कशाला? ज्यांनी गुन्हा केला त्यांना त्रास व्हायलाच हवा. पीडितांबद्दल कोणी लिहीत नाही.
– एक वाचक, धरमपेठ

पीडितांबद्दल लिहायला हवं, मान्य, आणि लिहूच. पण ‘ज्यांनी गुन्हा केला’ हे तुम्ही कोणाबद्दल म्हणताय? 2022 च्या शेवटी देशभरातल्या जेलमध्ये 5,73,220 लोक होते आणि त्यातले 4,34,302 कच्चे कैदी, म्हणजे चारातल्या तिघांचा गुन्हा सिद्धच झालेला नव्हता. आपल्या नागपूरचंच बघा, दिल्ली विद्यापीठात शिकवणारे प्रा. साईबाबा, व्हीलचेअरवरचे, माओवाद्यांशी संबंधाच्या आरोपावरून 2017 मध्ये जन्मठेप झाली, इथल्या जेलमध्ये वर्षानुवर्षं काढली, 5 मार्च 2024 ला नागपूर खंडपीठानं निर्दोष सोडलं आणि त्याच ऑक्टोबरमध्ये ते गेले. ती वर्षं त्यांना कोण परत देणार?

आणि ज्याला शिक्षा झाली त्याचं स्वातंत्र्य काढून घेतलं हीच त्याची शिक्षा. मारहाण, सडकं जेवण, आजारपणात औषध न देणं हे कोणत्याच निकालात लिहिलेलं नसतं. आपल्या देशात काही राज्यांच्या जेल नियमांत संडास साफ करायचं काम कोणत्या जातीच्या कैद्याला द्यायचं आणि स्वयंपाक कोणत्या जातीनं करायचा हे छापलेलं होतं! पत्रकार सुकन्या शांता यांनी ते कोर्टात नेलं तेव्हा 3 ऑक्टोबर 2024 ला ते रद्द झालं आणि जेलच्या रजिस्टरमधला जातीचा रकानाही काढायला सांगितला. बाबासाहेबांनी दीक्षा दिली त्या शहरात बसून मी हे लिहितेय आणि कैद्यांबद्दल लिहिणं थांबवायचा माझा अजिबात विचार नाही.

भावाला फिट येतात. जेलमध्ये गोळ्या वेळेवर मिळत नाहीत म्हणतो, आणि बराकीत एकजण मारतो. बाहेरून तक्रार केली तर आत त्यालाच त्रास होईल अशी भीती वाटते.
– एक बहीण, नंदनवन

भीती खरी आहे, म्हणून नुसतं तोंडी बोलून येऊ नका, कागद करा. कागद झाला की नंतर काही झालं तर जबाब द्यावा लागतो हे सगळ्यांना समजते. डॉक्टरची जुनी चिठ्ठी आणि गोळ्यांची नावं जोडून अधीक्षकांना अर्ज द्या, पोच घ्या. त्याच दिवशी वकिलाकडून ज्या कोर्टात केस आहे तिथंही अर्ज लावा की जेलच्या मेडिकल ऑफिसरचा रिपोर्ट मागवा, गरज पडली तर मेडिकलला, म्हणजे सरकारी हॉस्पिटलात, नेऊन तपासा. हा दुसरा अर्ज जास्त महत्त्वाचा. फिट येणाऱ्याची गोळी चुकणं म्हणजे जिवाशी खेळ आहे, यात एक दिवसही घालवू नका.

मारहाणीचं भावानं पुढच्या पेशीला जजसाहेबांना स्वतः सांगायचं, व्हीसीवर, म्हणजे जेलमधूनच व्हिडिओवर, पेशी असली तरी सांगायचं, आणि अंगावर वळ असतील तर दाखवायचे. मुलाकातीत त्याला हे नीट समजावून सांगा, बरेच जण ऐन वेळी घाबरून ‘सगळं ठीक आहे’ म्हणतात. तुम्ही राज्य मानवी हक्क आयोगालाही लिहू शकता. पत्रानं काय होते असं वाटत असेल तर सांगते, तिहारमध्ये वॉर्डरनं पैशासाठी एका कैद्याचा छळ केला होता तेव्हा तिथल्याच सुनील बत्रा या फाशीच्या कैद्यानं सुप्रीम कोर्टाला साधं पत्र लिहिलं, कोर्टानं त्या पत्रालाच याचिका धरलं आणि 1979 च्या डिसेंबरात निकाल दिला की जेलच्या आतही माणसाचे मूलभूत हक्क शिल्लक राहतात. तुमच्या पत्रात तारीख, वेळ, बराक आणि मारणाऱ्याचं नाव हे चारही असू द्या आणि रजिस्टर पोस्टानंच पाठवा.