टेलरचा पोरगा आणि पंच्याहत्तरीतली डिग्री

प्रश्न : मी सोलापूरच्या पूर्व भागातला. वडील शाळेचे युनिफॉर्म शिवायचे, मी सिव्हिलचा डिप्लोमा दुसऱ्या वर्षाला सोडून साईटवर गेलो, आता जुळे सोलापूरला रो हाऊस बांधतो. आमच्या ग्रुपवर डेव्हिड अझ्रिएली नावाच्या बिल्डरचा फॉरवर्ड फिरतोय, टेलरचा पोरगा, परदेशात जाऊन अब्जाधीश झाला, म्हातारपणी डिग्री घेतली, दानधर्म केला वगैरे. खरं आहे का ओ हे? आणि असले लोक दान करतात ते नावासाठीच ना?
– एक वाचक, सोलापूर

उत्तर : खरं आहे, फक्त फॉरवर्डवाले मधली वर्षं गाळतात. 1922 साली पोलंडमध्ये जन्म, 1939 ला जर्मन घुसले तेव्हा हा पोरगा पूर्वेला सोव्हिएत मुलखात पळाला आणि तिथून फिरत फिरत 1942 ला पॅलेस्टाईनला पोचला, मागे राहिलेले आईवडील मात्र नाझींच्या हत्याकांडात गेले. तिथे टेक्निऑन या इंजिनिअरिंगच्या विद्यापीठात आर्किटेक्चरला अॅडमिशन घेतली पण कोर्स अर्धाच राहिला, मग 1948 च्या अरब-इस्रायल युद्धात लढला, आणि 1954 ला कॅनडात माँट्रियलला. सुरुवात टॉवरने नाही बरं का, छोट्या ड्युप्लेक्स घरांनी. घरं विकायची, तोच पैसा पुढच्या कामात घालायचा, हे गणित तुम्हाला मी काय सांगणार!

पुढे शॉपिंग सेंटरं बांधली, 1985 ला इस्रायलमध्ये रामत गनला बंदिस्त मॉल काढला, आणि मग तेल अवीवमध्ये अझ्रिएली नावाचेच तीन टॉवर, एक गोल, एक त्रिकोणी, एक चौकोनी. गोल टॉवर 49 मजली आहे. तो उभा राहत होता त्याच काळात, 1997 ला, साहेबांनी ओटावाच्या कार्लटन विद्यापीठातून आर्किटेक्चरची मास्टर्स केली, वय 75. हाताखाली पगारी आर्किटेक्ट असताना माणूस पोरांसोबत वर्गात बसतो म्हणजे सुटलेला कोर्स मनात किती सलत असेल बघा.

आता दानाचं. नाव लावलं होतंच की. कार्लटनच्या आर्किटेक्चर स्कूलला त्यांचं नाव, तेल अवीव विद्यापीठाच्या स्कूललाही त्यांचंच. आपल्याकडे देवळातल्या पंख्याच्या तिन्ही पात्यांवर दात्याचं नाव असतं, वारा कुणाला लागतोय ते कोण बघतंय. मला त्यात फार वावगं वाटत नाही, पंखा फिरतोय ना, मग झालं. पण 1989 ला काढलेल्या त्यांच्या फाउंडेशनचं एक काम मला वेगळं वाटतं. 2005 पासून ते नाझी हत्याकांडातून वाचून कॅनडात आलेल्या साध्या लोकांच्या आठवणी पुस्तकं करून छापतात आणि शाळांना फुकट देतात. तिथे मुखपृष्ठावर नाव त्या त्या माणसाचं असतं. आपल्या पूर्व भागात तेलंगणातून हातमागावर आलेली किती घरं आहेत, त्यांच्या आजोबांचं असं कुणी लिहून ठेवलंय का? तुमच्या समाजात कुणाला दान द्यायचंच असेल तर हे सुचवून बघा, खर्च सभामंडपापेक्षा खूप कमी येईल.

2014 ला ते वारले, 92 वर्षांचे होऊन. तुम्ही विचारलं नाही तरी सांगतो, डिप्लोमाच्या जुन्या मार्कशीट शोधा आणि कॉलेजच्या ऑफिसात जाऊन विचारा, जुने विषय धरतात की पहिल्यापासून बसावं लागतं. फोनवर विचारू नका, फोनवर नाहीच म्हणतात.