ज्युलीकडे आधी शिक्षिका म्हणून बघ

प्रिय मुली,

अनेक आशीर्वाद. तुझं ‘ऑलिव्हिया’वरचं टिपण दोनदा वाचलं. जाक्लीन ओद्रीचा १९५१ सालचा हा फ्रेंच सिनेमा तुझ्या वयाच्या कुणी इतक्या ओढीने पाहावा, याचा मला मनापासून आनंद झाला. पण त्या ओढीत तू ऑलिव्हियाच्या शेजारी जाऊन बसलीस आणि तिथून उठलीच नाहीस.

ऑलिव्हिया आणि तिची शिक्षिका ज्युली यांच्याबद्दल तू लिहितेस, ‘समाजाने हे प्रेम फुलू दिलं नाही.’ समाज तिथे आहेच कुठे? एकोणिसाव्या शतकाचा शेवट, मुलींची निवासी शाळा, पुरुष जवळपास दिसतच नाहीत. बाहेरून कुणी आडवं येत नाही. ज्युली स्वतःलाच अडवते, आणि माझ्या मते त्याचं कारण सरळ आहे: समोरची मुलगी तिची विद्यार्थिनी आहे. हे सुटलं की सगळा सिनेमाच हातातून सुटतो.

ज्युली मुलींना फ्रेंच नाटककार रासीनचं नाटक वाचून दाखवते, तो प्रसंग पुन्हा लाव. पहिल्यांदा आवाज बंद करून फक्त ऑलिव्हियाचा चेहरा बघ. मग डोळे मिटून नुसतं ऐक. ज्युली झालेल्या एद्विज फय्येरचा तो आवाज! आपल्या वाचनाने समोरची पोर कुठल्या कुठे जाते, हे ज्युलीला पक्कं ठाऊक आहे. शिकवणाऱ्याच्या हातात ही ताकद असतेच गं. ती नसेल तर वर्गात कुणाला काही भिडणारच नाही. ज्युली ती कुठे आवरते आणि कुठे तिला आवरत नाही, ते प्रसंग धरून लिही. मुलीच्या प्रेमाला ओद्री कुठेही हसत नाही, पण म्हणून बाईंना मोकळंही सोडत नाही.

काराला तू ‘मत्सरी’ म्हणून एका ओळीत उडवलंस. हे मला अजिबात पटलं नाही. शाळा ज्युली आणि कारा दोघींची आहे. मुलींचे दोन तट पडलेत, ज्युलीच्या आणि काराच्या, आणि ते पडू देणाऱ्या या दोघीच. सिमोन सिमोंची कारा सतत आजारी, सतत कुणीतरी जवळ हवं असलेली. तिच्या मृत्यूनंतर ज्युली शाळा सोडून जाते. त्या जाण्यात किती अपराधभाव आहे, यावर तुझ्या टिपणात एक शब्द नाही.

मूळ कादंबरी डोरोथी ब्युसीची. ‘ऑलिव्हिया’ याच टोपणनावाने ती १९४९ साली आली, तेव्हा बाईंनी ऐंशी ओलांडली होती. त्या स्वतः मारी सुव्हेस्त्र यांच्या फोंतेनब्लोच्या शाळेत शिकलेल्या. याच सुव्हेस्त्रबाईंनी पुढे इंग्लंडमध्ये एलिनॉर रूझवेल्टलाही, म्हणजे अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष फ्रँकलिन रूझवेल्ट यांच्या पत्नीलाही, शिकवलं. पटकथा ओद्रीची बहीण कोलेत हिची. पन्नाशीच्या दशकात फ्रान्समध्ये कथापट दिग्दर्शित करणारी बाई म्हणजे जवळजवळ एकटी ओद्रीच, आणि पुढच्या पिढीच्या फ्रेंच दिग्दर्शकांच्या ‘नव्या लाटेत’ तिचं नाव मागे पडलं ते पडलंच. याचा मला आजही राग येतो. तेवढं मात्र तू छान मांडलंयस, त्याला हात लावू नकोस.

एक विचारायचं राहिलं. तू पाहिलीस ती प्रत कुठली? १९५४ मध्ये अमेरिकेत हा सिनेमा नाव बदलून आणि कात्री लावून दाखवला होता. दुरुस्त केलेली नवी प्रत २०१९ मध्ये पुन्हा चित्रपटगृहांत आली. तीच मिळव आणि काराचा परिच्छेद नव्याने लिहून पाठव.

तुझी,
बाई